परब टीचर आणि अंबोनेट

आषाढातला दुसरा रविवार, सकाळची वेळ. स्थळ: इब्रामपूरच्या डोंगराची उतरण. हजर: जीवशास्त्राच्या परब टीचर, प्रयोगशाळा सांभाळणारे दामू गावस, अकरावी विज्ञानचा वर्ग आणि मी. गैरहजर: छत्री न आणल्यामुळे मी पेडण्याच्या बसस्टँडवरूनच घरी पाठवलेले दोघे.

मी कॉमर्स शिकवते. जीवशास्त्राच्या सहलीत माझं काही काम नव्हतं. पण आमच्या उच्च माध्यमिकात कुठलीही सहल निघाली की नावांच्या याद्या, बसचं भाडं आणि डोकी मोजणं हे सगळं माझ्याकडे येतं, कारण मी ते करते आणि बाकीचे करत नाहीत. मी तेव्हा नवीन होते. परब टीचरना मी स्टाफरूममध्ये पाहिलं होतं, पण ओळख झाली ती त्या उतरणीवर. ओळख करून द्यायला त्यांना सवड नव्हती. साडीचा काष्ट्यासारखा खोचा मारून त्या चिखलात गुडघ्यांवर बसल्या होत्या आणि एका वारुळाशेजारी उगवलेल्या अळंबीकडे नाक लावून बघत होत्या.

आमच्याकडे वारुळाला रोयण म्हणतात आणि अळंबीला ओळमी. पहिल्या जोरदार पावसानंतर रोयणीवर उगवणारी ओळमी म्हणजे पेडण्यात आणि डिचोलीत पावसाळ्यातली मोठी मेजवानी. रस्त्याच्या कडेला पानांत बांधून विकतात आणि भाव ऐकून माणूस मागे सरतो.

"हात कोणी लावायचा नाही," टीचर म्हणाल्या. "आधी सांगायचं. मला दिसत नाही असं समजा आणि सांगा, कशी आहे?"

एक मुलगी म्हणाली, छान आहे.

"छान हा आकार नव्हे. पुढे."

कोणी म्हणालं, छत्रीसारखी. टीचरनी विचारलं, कुणाची छत्री? तुझी की तुझ्या आजोबांची? उघडी की मिटलेली? मग सगुण नावाचा एक मुलगा पुढे आला. इब्रामपूरचाच, शेतकरी घरातला, वर्गात मागच्या बाकावर बसणारा. तो म्हणाला, "टीचर, उघडी छत्री, पण मधे टोक वर आयलां. आतून कोणी बोट लावून ढकलल्यासारखां."

टीचर उभ्या राहिल्या. चिखलाचा हात त्यांनी सगुणच्या खांद्यावर ठेवला, शर्ट पांढरा होता याची पर्वा न करता. "ह्याला म्हणतात अंबोनेट," त्या म्हणाल्या. "ह्याने शब्द माहीत नसताना शब्द सांगितला."

एवढ्यात दामू गावसांनी रोयणीला हात जोडले, वारुळात वसणाऱ्या सातेरीदेवीचं नाव घेतलं आणि बाजूच्या ओळमीच्या देठाशी बोटं खुपसून मातीत हात घालायला सुरुवात केली. दामूंचं लक्ष धड्याकडे नव्हतं, दुपारच्या जेवणाकडे होतं. कोपरापर्यंत हात गेला आणि देठाची लांब, पांढरी शेपटी वर यायला लागली. मुलं तिकडे वळली. टीचर म्हणाल्या, "दामू, खालचं राहू दे, चिखल नको. मुलांनो, इकडे. टोपी बघा."

*

अंबोनेट हा शब्द मी नंतर त्यांच्या तोंडून इतक्या वेळा ऐकला की कॉमर्सची असूनही मला त्यावर परीक्षा देता आली असती. अंबो हा मूळ लॅटिन शब्द. जुन्या रोमन शिपायांच्या ढालीच्या मध्यावर धातूचा एक फुगीर उंचवटा असे, तो अंबो. त्याच्या मागे ढाल धरणारी मूठ असे. समोरून आलेला वार उंचवट्यावरून सटकायचा आणि हात वाचायचा. ढाली गेल्या, शब्द राहिला. शिंपल्यांचा अभ्यास करणाऱ्यांनी तो उचलला. तिसऱ्यांच्या शिंपल्याला सांध्याजवळ जो चोचीसारखा फुगवटा असतो, तो अंबो, आणि शिंपल्याचा सगळ्यात जुना भाग तोच. बाकीचा शिंपला त्याच्याभोवती वाढत जातो. कानाच्या डॉक्टरांनीही तो उचलला. कानाच्या पडद्याला आतून जिथे हाडाचं टोक चिकटलेलं असतं तो बिंदूही अंबो, फक्त बाहेरून बघणाऱ्याला तिथे उंचवटा दिसत नाही, खळगा दिसतो. आणि ओळमीवाल्यांनी उचलला तो टोपीच्या मधल्या टोकासाठी. ज्याला असा अंबो आहे ते अंबोनेट.

मी एकदा विचारलं होतं, म्हणजे पातेल्याच्या झाकणासारखं ना, वर मूठ असलेलं? टीचरनी मान हलवली. झाकणाची मूठ वरून बसवलेली असते, ती निघते. अंबो आतून वर आलेला असतो, तो कापल्याशिवाय निघत नाही. दुसऱ्या दिवशी पोदेराकडून, म्हणजे पाववाल्याकडून, आणलेला उंडो, तो गोल पाव, त्यांनी स्टाफरूमच्या टेबलावर ठेवला. हा कॉनव्हेक्स, त्या म्हणाल्या, सगळीकडून सारखा फुगलेला. शेजारी तिसरीचा धुतलेला शिंपला ठेवला. हा अंबोनेट. आता कधी घोटाळा करू नकोस. उंडो आम्ही चहाबरोबर खाल्ला. शिंपला कित्येक वर्षं त्यांच्या खणात होता.

अशी त्यांची सवय होती. कुठल्याही वस्तूचा आधी आकार. पानं, बिया, माशांची तोंडं, हेडमास्तरांच्या खुर्चीची पाठ. माणसांचाही. मला त्या म्हणायच्या, "वंदना, तू आयत आहेस. चारी कोपरे जागच्या जागी." मी ते कौतुक म्हणून घेतलं. त्यांच्या मनात काय होतं ते मी विचारलं नाही. त्यांच्या नवऱ्याचं लवकर निधन झालेलं, मूल नाही, पेडण्याच्या बाजारामागे छोटं घर. घरात फर्निचर कमी आणि खिडकीच्या कट्ट्यावर शिंपले, शेंगा, वाळलेली फळं ओळीने मांडलेली. झाडूवाली बाई वैतागून म्हणायची, टीचर, हो कचरो खंय उडयतलंय. त्या म्हणायच्या, नाव येत नसेल तो कचरा.

दरवर्षी पहिल्या पावसानंतर त्या अकरावीला डोंगरावर नेत, दरवर्षी तोच धडा, आणि शेवटी अंबोनेट. बारावी झालेली मुलं बाजारात भेटली की दुरून ओरडत, "टीचर, अंबोनेट!" आणि त्या हात वर करत. बाकी सगळं जीवशास्त्र विसरलेल्या मुलांना हा एक शब्द राहिला होता. निवृत्तीच्या कार्यक्रमात त्या पाच मिनिटंच बोलल्या. म्हणाल्या, मी आयुष्यात फार काही केलं नाही, पण पेडणे तालुक्यात एक इंग्रजी शब्द रुजवला. सगळे हसले, त्याही हसल्या. ते खरंच होतं.

*

निवृत्तीनंतर मी रविवारी सकाळी बाजार करून त्यांच्याकडे चहाला जायची. श्रावणातला असाच एक रविवार. श्रावणात आमच्याकडे मासळी बंद, त्यामुळे ओळमीची मागणी आणखी वाढते. टीचर फोन हातात घेऊन दारातच उभ्या होत्या. चेहऱ्यावर निकाल लागल्यासारखा आनंद.

"सगुणचा मेसेज आहे. बघ."

सगुण आता मांद्र्याला होता. किनाऱ्यापासून थोडं आत, भाड्याच्या जागेत त्याने पर्यटकांसाठी गेस्ट हाऊस काढलं होतं, आई आणि बायकोमुलांसह तिथेच राहत होता. फोटोत हिरवंगार लॉन आणि त्यावर पांढऱ्याशुभ्र मोठ्या टोप्या, वरून काढलेला फोटो, मधे टोक स्पष्ट. खाली लिहिलं होतं, टीचर, हे अंबोनेट ना?

टीचरनी उत्तर आधीच पाठवलं होतं. अगदी बरोबर, अंबोनेट. शाबास सगुण.

"इतक्या वर्षांनी," त्या म्हणाल्या. "मागच्या बाकावरचा मुलगा."

आम्ही चहा घेतला. मी माझ्या कामाला गेले.

दुपारी साडेतीनच्या सुमारास टीचरचा फोन आला की गाडी घेऊन ये. गेले तर त्या चप्पल घालून रस्त्यावरच उभ्या होत्या. सगुणच्या बायकोचा फोन आला होता. दुपारी ओळमीची भाजी झाली, सगुण आणि त्याची आई जेवली. जेवून तासाभरात दोघांना उलट्या सुरू झाल्या, जुलाब, आणि म्हाताऱ्या आईची तर मान धरवत नव्हती. मुळात साखरेचा त्रास, त्यात मूत्रपिंडं कमजोर. मुलांना ओळमी आवडत नाही म्हणून ती वाचली. बायकोचा त्या दिवशी आयतार होता, श्रावणातल्या आदित्यपूजनाचा उपास, म्हणून तीही वाचली आणि म्हणूनच फोन करायला कोणीतरी उभं होतं. शेजाऱ्याच्या गाडीतून ती दोघांना घेऊन म्हापशाच्या इस्पितळात निघाली होती.

मी म्हापशाच्या दिशेने गाडी वळवली. टीचर म्हणाल्या, "आधी मांद्रे. डॉक्टर विचारतील कसली होती. दाखवायला हवी."

ते बरोबर होतं. मी वळवली.

गेस्ट हाऊसमागच्या लॉनवर अजून काही उभ्या होत्या. हे लॉन बाहेरून गुंडाळ्या आणून नव्याने घातलेलं, खाली शेणखत. आसपास रोयण कुठेच नव्हती. पूर्वी असली तरी लॉनखाली सपाट झाली असेल. टीचरनी एक ओळमी देठाशी धरली आणि ओढली. ती लगेच हातात आली. खाली गोल फुगीर गड्डा, संपलं. मातीत जाणारी शेपटी नाही. शेजारची जून झालेली उलटी करून बघितली तर टोपीच्या खालची बाजू हिरवट पडायला लागली होती. त्यांनी दोन्ही माझ्या पिशवीत ठेवल्या. मग पुन्हा एक बाहेर काढली आणि टोपीच्या मधल्या टोकावर अंगठा फिरवला.

"वंदना, ह्यालाही अंबो आहे," त्या म्हणाल्या. "शब्द बरोबर आहे."

म्हापशापर्यंत पिशवी त्यांनी मांडीवर धरून ठेवली.

इस्पितळात त्यांनी तरुण डॉक्टरला पिशवीतल्या ओळम्या दाखवल्या आणि व्यवस्थित सांगितलं: कुठे उगवली, देठ कसा, टोपी कशी, खाल्ल्यापासून किती वेळाने त्रास झाला. डॉक्टरांनी सगळं लिहून घेतलं आणि विचारलं, खाण्याजोगी आहे असं कोणी सांगितलं का? टीचर म्हणाल्या, "मी."

सगुणच्या बायकोने मधे तोंड घातलं, टीचर, तुम्ही तसं नव्हतं सांगितलं, तुम्ही फक्त नाव सांगितलंत. टीचर तिच्याकडे वळल्या. "त्याने मला नाव विचारायला फोटो पाठवला होता का ग? कढई तापवण्यापूर्वी माणूस आकार कशाला विचारेल?"

सगुण दुसऱ्या दिवशी उठून बसला. आईचं आठवडाभर काही सांगता येईना. सलाईनवर सलाईन. लघवी बंद झाली आणि डॉक्टर डायलिसिसचं बोलायला लागले. टीचर रोज सकाळच्या बसने म्हापशाला जात आणि वॉर्डबाहेरच्या बाकावर बसत. मी एकदा म्हटलं, तुम्ही तिथे बसून काय होणार? त्या म्हणाल्या, काही नाही. बसल्या. मी डबा देऊन परत आले.

शेवटी डायलिसिस लागलं नाही. बाई हळूहळू वर आली. आठव्या की नवव्या दिवशी तिने पेज मागितली आणि आम्हा दोघींना आत बोलावलं. मी पाठीमागे उशी सरकवली. टीचर पायाशी उभ्या राहिल्या आणि सरळ म्हणाल्या, "काकी, तुमच्या मुलाने नीट विचारलं होतं. मी अर्धं उत्तर दिलं."

काकींचा आवाज अजून खोल होता. "मीयां इचारलंय तेका, खंय गावली म्हणान," त्या म्हणाल्या. "आमी जागो वळखतंव, ओळमी न्हय. तर म्हणता, टीचरान पास केल्यान. मगे मी काय बोलतलंय?"

काकींनी थोडं पाणी घेतलं.

"आयकात टीचर. तुमी पोराक शिकयल्यात, माका नाय. पयल्याच घासाक माझी जीब सांगी होती, ही आमची नाय म्हणान. मीयां जिबेक गप बसयलंय. पोरगो येदो खूश होतो, टीचरचो मेसेज दाखयत फिरा होतो." मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "ह्यांका घराक व्हरा. बाकावर बसान बसान माझ्याआधी ह्योच जातल्यो."

*

घरी आल्यावर टीचरनी खिडकीचा कट्टा आवरला नाही, शिंपले फेकले नाहीत, रडल्याही नाहीत. मला म्हणाल्या, "सहलींच्या याद्या तुझ्याकडे असतील ना? सगळ्या वर्षांच्या?"

होत्या. माझ्याकडे काही हरवत नाही.

"मी किती घरांत हा शब्द एकटाच पाठवला ते बघायचंय," त्या म्हणाल्या. "दामूचा हात कोपरापर्यंत मातीत गेला होता आणि मी म्हटलं, चिखल नको, टोपी बघा. दरवर्षी टोपीच दाखवली. टोपी सुंदर असते."

मी व्यवहारी सूचना केली. माजी विद्यार्थ्यांचा ग्रुप आहे, एक मेसेज टाकू, सगळ्यांना एकदम पोचेल. त्या म्हणाल्या, "मेसेजनेच घात झाला. मेसेज माणूस त्याला हवा तसा वाचतो. मी समोर उभी राहीन, तो परत विचारेल, मी परत सांगेन."

मग आम्ही गावनिहाय नावं काढली. परदेशी गेलेले आणि बोटीवर असलेले वगळले, त्यांना मात्र मेसेज केला. बाकीच्यांकडे रविवारी, माझ्या स्कूटरवर, मागे टीचर, हातात छत्री. तुये, मांद्रे, कोरगाव, धारगळ. वाक्य ठरलेलं होतं. कोणी चहा पुढे केला तरी ते वाक्य झाल्याशिवाय त्या कप घेत नसत.

"मी तुला अंबोनेट शिकवलं होतं. तो आकार आहे, खायची परवानगी नाही. ओळमी देठाशी हात घालून काढायची. शेपटी खाली रोयणीत गेलेली दिसली नाही तर टाकून द्यायची. दिसली तरी जुन्या जाणत्याला दाखवल्याशिवाय चुलीवर ठेवायची नाही."

प्रतिसाद तऱ्हेतऱ्हेचे आले. तुयेच्या कारखान्यात शिफ्ट इनचार्ज असलेला एक जण रात्रपाळी करून झोपला होता, त्याला बायकोने उठवून आणलं. डोळे चोळत त्याने ऐकलं आणि म्हणाला, टीचर, आमच्याकडे ती बटणासारखी डब्यातली येते, ती अंबोनेट नाही ना? टीचरनी डबा मागवून बघितला. "ही कॉनव्हेक्स. खा," त्या म्हणाल्या, आणि तो परत झोपायला गेला. इब्रामपूरला शेती करणारी एक जण ऐकून पोट धरून हसली. "टीचर, आमी रोयण सोडून खंयची ओळमी काडतंव? आमची रोयण खंय आसा ता सासवेन माका धा वर्सां सांगूक नाय." टीचरही हसल्या. म्हणाल्या, तुझ्या सासूला माझा नमस्कार सांग, माझ्यापेक्षा ती चांगली शिकवते.

सगळ्यात अवघड गेलं ते कोरगावला. टीचर वाक्य बोलल्या आणि तो मुलगा, आता चांगला टक्कल पडलेला गृहस्थ, ओशाळून हसला. म्हणाला, टीचर, खरं सांगू? मला तो शब्दच आठवत नाही. तुम्ही मला एकदा 'छान' म्हटल्याबद्दल वर्गाबाहेर उभं केलं होतं तेवढं आठवतं. टीचर म्हणाल्या, बरं झालं, फार बरं झालं. खरंच सुटल्यासारख्या म्हणाल्या. पण परत येताना त्या मागे अवघडून बसल्या होत्या. धारगळच्या चढावर मी विचारलं, पाय दुखतात का? "नाही ग," त्या म्हणाल्या. "विसरला म्हणून वाचला. असं मी कधी कुणाबद्दल म्हणेन असं वाटलं नव्हतं."

शब्द त्यांनी सोडला नाही. मला वाटलं होतं सोडतील. एकदा मीच म्हटलं, त्या शब्दाचं नावच काढू नका आता, सरळ ओळमीबद्दल सांगा. त्यांना राग आला. शब्दाने काय केलं? ढालीवर होता तेव्हा त्याने हात वाचवले. शिंपल्यावर आहे तिथे खरा आहे, कानात आहे तिथे खरा आहे, सगुणच्या लॉनवरही खराच होता. त्याला जे ठाऊक नव्हतं ते मी त्याच्याकडून वदवून घेतलं. हे त्या भर रस्त्यात, स्कूटरवरून उतरून बोलल्या. मागून येणाऱ्या ट्रकवाल्याने हॉर्न वाजवला तेव्हा आम्ही कडेला झालो.

सगुणकडे त्या वेगळ्या गेल्या, मला न घेता. काय बोलणं झालं ते मला माहीत नाही. एवढं कळलं की सगुणने लॉनचा अर्धा भाग उपटला, तिथे आईसाठी भाजीचे वाफे केले, आणि पुढे दर आठवड्याला बाजारच्या दिवशी तांबड्या भाजीची जुडी टीचरच्या दारात येऊ लागली. जुडी घेऊन सगुण यायचा, निरोप काकींचा असायचा: उकडून खावा, पास केलेली आसा.

*

यादी करताना मी एक नाव सगळ्यात वर लिहिलं होतं. वर्षा. टीचरची सगळ्यात लाडकी विद्यार्थिनी, पुढे जीवशास्त्रातच शिकली, लग्न होऊन डिचोलीला गेली आणि आता तिथल्या एका उच्च माध्यमिकात जीवशास्त्र शिकवते. माझा हिशेब साधा होता. बाकीचे फक्त स्वतःपुरते खातात, वर्षा दरवर्षी नवा वर्ग शिकवते. आधी तिला सांगितलं तर पुढचं थांबेल. टीचरनी पेन घेतलं आणि ते नाव शेवटी नेलं.

मी कारण विचारलं. "बाकीच्यांना मी सांगते तेव्हा मी त्यांची टीचर असते," त्या म्हणाल्या. "वर्षासमोर मला तिच्या वर्गात उभं राहावं लागेल. जाऊ. आधी हे सगळे होऊ देत." मग म्हणाल्या, "तिने माझ्याकडून काय काय उचललंय ते मला अजून बघायचं धैर्य नाही."

दिवाळी झाली, पेडण्याकडची गावं जवळजवळ संपली. डिचोलीचा रविवार आम्ही दोनदा ठरवला. एकदा त्यांना ताप होता, एकदा माझ्या घरी पाहुणे होते. माघात एका सकाळी पोदेर सायकलवरून भोंगा वाजवत आला, टीचर बाहेर आल्या नाहीत, त्याने शेजाऱ्यांना हाक मारली. झोपेतच गेल्या होत्या. डॉक्टर म्हणाले हृदय. उत्तरक्रिया भाच्याने केली. खांदा द्यायला सगुण होता, तुयेचा शिफ्ट इनचार्ज होता, कोरगावचा टक्कलवाला होता. काकी मांद्र्याहून आल्या, अंगणात खुर्चीवर बसल्या आणि लोक निघेपर्यंत उठल्या नाहीत. वर्षाला निरोप उशिरा पोचला. ती आली तेव्हा सगळं आटपलं होतं.

तेराव्यानंतर मी वर्षाला फोन केला. ती बराच वेळ रडली. मग स्वतःच सांगायला लागली. तिच्या प्रयोगशाळेच्या भिंतीवर टीचरनी काढून दिलेलं ओळमीचं चित्र आहे, फक्त टोपी, मधे ठळक टोक. पावसाळ्यात ती मुलांना मुळगावच्या डोंगरावर नेते. मला दिसत नाही असं समजा आणि सांगा, असंच विचारते. छान हा आकार नव्हे, असंच म्हणते. "टीचरचा तो धडा मी एक शब्दही न बदलता घेते," ती म्हणाली. "मुलं घरी जाऊन आईवडिलांना अंबोनेट शिकवतात."

टीचरचं ते ठरलेलं वाक्य मला पाठ होतं. मी तोंड उघडलं. पलीकडे ती अजून हुंदके देत होती, आणि टीचर फोनवर हे सांगायला तयार नव्हत्या. मी म्हटलं, मी येते तुझ्याकडे, एक काम आहे. कधीही या, ती म्हणाली.

त्यानंतर तिच्या परीक्षा आल्या, मग माझ्या. मधे मी दामू गावसांच्या घरी जाऊन आले आणि हात कुठून घालायचा, कसा घालायचा, शेपटी तुटू नये म्हणून माती कशी सैल करायची ते विचारून घेतलं. उन्हाळ्यात ओळमी नव्हती, त्यांनी अंगणातल्या मातीत काठी रोवून दाखवलं. मला अजून जमत नाही. यादीतली बाकी सगळी नावं झाली आहेत.

वर्षाची सहल पहिल्या पावसानंतरच्या रविवारी ठरते. त्याआधी डिचोलीला जाऊन, तिच्या वर्गात उभं राहून, त्या चित्राच्या खाली शेपटी काढायची आहे. अजून गेलेले नाही.